भावाचं निलंबन : दोषारोपपत्र नाही, निर्वाह भत्ता नाही, कोर्टात जावं का?

पूर्णाकाठ :
राम राम मंडळी. सल्ला पाहिजे म्हणून धागा काढतोय, लांबण लागलं तर सांभाळून घ्या. माझा धाकटा भाऊ ग्रामसेवक आहे मराठवाड्यातल्या एका जिल्हा परिषदेत (कागदावर आता ग्रामपंचायत अधिकारी म्हणतात, गावात कोण म्हणतंय), जिल्हा मुद्दाम लिहीत नाही, लोक लगेच ओळखतात. रोजगार हमीच्या सिंचन विहिरीच्या मस्टरवर (मजुरांच्या हजेरीपटावर) मेलेल्या माणसाचं नाव निघालं अशी तक्रार झाली, तक्रार करणारा सरपंचाच्या विरोधातल्या पॅनलचा. मग तालुक्याला आढावा बैठक होती तिथं एका पुढाऱ्यानं माईकवरूनच सांगितलं की याला आजच्या आज घरी बसवा, आणि खरंच दुसऱ्या दिवशी सीईओंच्या (झेडपीचे मुख्य कार्यकारी अधिकारी) सहीचा आदेश. आदेशात एवढंच की विभागीय चौकशी प्रस्तावित आहे सबब निलंबित करण्यात येत आहे, आणि मुख्यालय दिलंय जिल्ह्याच्या पार दुसऱ्या टोकाची पंचायत समिती. आता चौथा महिना लागलाय. दोषारोपपत्र नाही. अर्धा पगार मिळतो म्हणतात तोही नाही, क्लार्क म्हणतो फाइल साहेबांच्या टेबलावर आहे. घरात दोन लेकरं, सोयाबीनचं काय झालं ते तुम्हाला माहितीच आहे. दाजी म्हणू लालेत मॅटमधून (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण) स्टे आण, भावाचा मित्र म्हणतो हायकोर्ट, वहिनी म्हणते कुणाच्या तरी पाया पडा अन् मिटवा. नेमकं काय करावं? ज्यांनी भोगलंय त्यांनी सांगा.

मांजराकाठचा तलाठी :
दादा, मी गेलोय यातून. वाळूच्या गाडीवरून निलंबन झालं होतं माझं, गाडी पकडली मी अन् घरी पण मीच बसलो, असो. सरळ मॅट. मॅटचं एक बेंच आपल्या संभाजीनगरलाच आहे, मुंबईला जायची गरज नाही. वकिलानं ओए (मूळ अर्ज) दाखल केला, सरकारी वकिलाला कोर्टानं विचारलं की दोषारोपपत्र दिलं का, ते म्हणले नाही, मग सुप्रीम कोर्टाच्या ९० दिवसांच्या निकालावर बोट ठेवून आदेश झाला की इतक्या दिवसात निलंबनाचा निर्णय घ्या. घेतला मग त्यांनी, दुसऱ्या तालुक्यात पोस्टिंग देऊन. तुमचं तर तीन महिने होऊन गेलेत म्हणजे केस पक्की आहे.

डाकवाला नांदेड :
९० दिवस झाले की निलंबन आपोआप संपतं की. आमच्या डाकघरातल्या एकाचं संपलं, आढावा घ्यायचा राहिला ऑफिसकडून, तो ९१ व्या दिवशी हजर व्हायला आला आणि त्याला घ्यावंच लागलं. भावाला सांगा सरळ रुजू रिपोर्ट देऊन टाक.

काळा कोट, जालना रोड :
थांबा थांबा. वरचे दोन्ही सल्ले त्या त्या माणसासाठी बरोबर आहेत आणि या भावासाठी दोन्ही चुकीचे. निलंबनाच्या भांडणात आधी बघायचं असतं की माणूस कुणाचा नोकर आहे, कारण त्यावर कोर्ट ठरतं.

तलाठी, तहसीलचा कारकून हे राज्य सरकारचे, त्यांना महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम १९७९ लागू, त्यातला नियम ४ निलंबनाचा, आणि त्यांचं कोर्ट म्हणजे मॅट. ग्रामसेवक हा जिल्हा परिषदेचा कर्मचारी, तो मॅटमध्ये जाऊच शकत नाही, अर्ज दाखल केला तर अधिकारक्षेत्र नाही म्हणून परत येईल, फी अन् दोन महिने पाण्यात. त्यांना जिल्हा परिषद जिल्हा सेवा (शिस्त व अपील) नियम १९६४ लागू. सीईओंच्या आदेशावर अपील विभागीय आयुक्तांकडं, आणि त्यानंतर अनुच्छेद २२६ खाली हायकोर्टाच्या औरंगाबाद खंडपीठात रिट.

डाकवाले दादांचं म्हणाल तर ते केंद्राचे कर्मचारी. केंद्राच्या १९६५ च्या सीसीएस नियमात १० (६) आणि १० (७) अशी स्पष्ट तरतूद आहे की ९० दिवसात आढावा घेऊन मुदत वाढवली नाही तर निलंबन आदेश टिकत नाही, आणि २००९ मध्ये दीपक माळी केसमध्ये सुप्रीम कोर्टानं ते पक्कं केलं. आपल्या राज्याच्या नियमात असं वाक्य नाही. नियम ४ (५) उलट म्हणतो की आदेश रद्द किंवा बदल होईपर्यंत चालू राहील. त्यामुळं ग्रामसेवकानं ९१ व्या दिवशी आपणहून रुजू रिपोर्ट देऊन खुर्चीवर बसायचं म्हणजे नवीन आरोप ओढवून घेणं आहे. करू नका.

बालाघाट :
वकीलसाहेब हे सगळं खरं पण सांगतो, आमच्या बीडकडं निलंबन म्हणजे शिक्षाच असते. चौकशी होत नाही, काही नाही, माणूस दोन वर्षं घरी बसतो अन् मग 'समज देऊन' रुजू करून घेतात. ज्याला बसवायचं त्याला बसवलं, ज्याचं काम व्हायचं त्याचं झालं. कायदा म्हणतो निलंबन ही शिक्षा नाही. हे वाक्य ज्यानं लिहिलं त्याला एकदा निलंबित करा.

पूर्णाकाठ :
@काळा कोट, बरं झालं सांगितलं, दाजींनी वकिलाला ॲडव्हान्स द्यायची तयारीच केली होती. पण मग तो ९० दिवसांचा निकाल झेडपीला लागू होत नाही का? तलाठी दादा तर म्हणतात त्यावरच सुटले.

काळा कोट, जालना रोड :
होतो, पण कसा ते समजून घ्या, कारण समोरचा वकील नेमका इथंच फाटे फोडतो.

निकाल म्हणजे अजय कुमार चौधरी विरुद्ध भारत सरकार, १६ फेब्रुवारी २०१५. संरक्षण खात्याच्या जमिनी सांभाळणारा अधिकारी, काश्मीरमध्ये पोस्टिंग, ना हरकत दाखल्यांवरून २०११ मध्ये निलंबित आणि पुढं मुदतवाढीवर मुदतवाढ. कोर्टानं म्हटलं की फौजदारी कायद्यात ९० दिवसात चार्जशीट आलं नाही तर आरोपीला जामीन मिळतो, मग ज्याच्यावर अजून आरोपसुद्धा ठेवला नाही त्या नोकराला किती दिवस लटकवणार? म्हणून तीन महिन्यात दोषारोपपत्र बजावलं नाही तर निलंबन त्यापुढं चालू ठेवायचं नाही, आणि बजावलं असेल तर वाढवण्यासाठी कारणं देऊन आदेश काढायचा. कागदपत्रांशी छेडछाड होईल अशी भीती असेल तर लांब कुठं तरी बदली करा, असंही त्यात आहे. आणि गंमत अशी की खुद्द चौधरींना याचा फायदा झाला नाही, कारण निकाल लागेपर्यंत त्यांना दोषारोपपत्र बजावून झालं होतं. हे लक्षात ठेवा, तुमच्या भावाच्या बाबतीत हेच होण्याची शक्यता जास्त आहे.

राज्यानं त्यावरून ९ जुलै २०१९ ला सामान्य प्रशासन विभागाचा जीआर काढला. त्यात सरळ लिहिलंय की तीन महिन्यात दोषारोपपत्र बजावलं नसेल तर निलंबन संपवण्याशिवाय पर्याय राहत नाही, म्हणून ९० दिवसांच्या आत बजावण्याची दक्षता घ्या. आता झेडपीवाले हमखास म्हणतात हा जीआर शासकीय कर्मचाऱ्यांसाठी, आम्हाला नाही. म्हणू द्या. जीआरच्या जोडीला मूळ निकाल लावायचा. सुप्रीम कोर्टानं सांगितलेला कायदा अनुच्छेद १४१ नं सगळ्यांवर बंधनकारक आहे, झेडपी त्यातून सुटत नाही.

पण 'पर्याय राहत नाही' याचा अर्थ 'आपोआप रद्द' असा घेऊ नका. रद्द करणारा आदेश कुणीतरी काढावा लागतो, तो काढत नाहीत म्हणून तर कोर्ट.

निवृत्त अव्वल कारकून, लातूर :
मी नोकरीची शेवटची बरीच वर्षं विभागीय चौकशीच्या टेबलावर काढली, त्यामुळं फाइल आतून कशी चालते ते सांगतो, कायदा वकीलसाहेबांनी सांगितलाच आहे.

निलंबनाची टिपणी दहा मिनिटांत होते. दोषारोपपत्राला वेळ लागतो, कारण त्याला जोडपत्र १ ते ४ लागतात. एकात दोषारोप, दोनमध्ये त्याचा तपशील, तीनमध्ये कोणत्या कागदांच्या आधारे ते, चारमध्ये साक्षीदार. हे तयार करायचं असतं खालच्या ऑफिसनं, म्हणजे तुमच्या केसमध्ये पंचायत समितीनं, आणि तिथला माणूस म्हणतो मूळ मस्टर चौकशी समितीनं नेलंय, समिती म्हणते आम्ही झेरॉक्सच नेली होती, असं पत्र इकडून तिकडं फिरतं. त्यात मुद्दाम कुणी अडवतंच असं नाही. निम्म्या वेळा कुणाला पडलेलीच नसते. आणि ही जी दिरंगाई असते ना तीच तुमची केस आहे. भाऊ निर्दोष आहे ही तुमची केस नाही, निदान आज नाही.

हे मी मुद्दाम घासून सांगतोय. माणसं अपिलात दहा पानं लिहितात की मस्टर ग्रामरोजगार सेवकानं भरलं, ई-मस्टर तालुक्याहून निघतं, हजेरीचे फोटो ॲपवर मेट (कामावरचा मुकादम) टाकतो, माझा काय संबंध, तक्रारदार कसा वाईट आहे. सगळं खरं असेल. पण निलंबनाच्या अपिलात ते कुणी तपासत नाही, उलट तुमचा बचाव समोरच्याला आधीच कळतो आणि दोषारोपपत्र त्या हिशोबानं लिहिलं जातं. ते जोडपत्र हातात पडल्यावर लिहायचं. आत्ताचं अपील दीड-दोन पानाचं ठेवा : आदेशाची तारीख, तो मिळाल्याची तारीख, आजपर्यंत दोषारोपपत्र नाही, आढावा नाही, निर्वाह भत्ता नाही, २०१५ चा निकाल, २०१९ चा जीआर, आणि मागणी काय तर निलंबन रद्द करा, आणि हवं तर अकार्यकारी किंवा दुसऱ्या तालुक्यात पदस्थापना द्या. ही शेवटची ओळ बऱ्याच जणांना अपमान वाटते. पण अधिकाऱ्याला सही करायला तीच ओळ सोपी करते, कारण 'तिथंच परत बसवलं' असं त्याला कुणी म्हणत नाही.

अपिलाला मुदत असते ती आधी नियमात बघून घ्या. उलटून गेली असेल तर विलंब माफीचा अर्ज सोबत लावा, निलंबन रोज चालू आहे त्यामुळं तक्रारीचं कारणही रोज चालू आहे हे त्यात लिहा.

आणि चार्ज, म्हणजे दप्तराचा ताबा. भावानं चार्ज दिला का? रागारागात दप्तर घरी ठेवणारे मी लई पाहिले. रोकडवही, नमुना ८, पावती पुस्तकं, मासिक सभेचं प्रोसीडिंग, सगळ्याची यादी करून, कुठल्या पानापर्यंत लिहिलेलं आहे ते टाकून, घेणाऱ्याची सही. ती यादी पुढं चौकशीत सोन्याच्या भावाची ठरते. दप्तर दिलं नाही तर फौजदारी होते ते वेगळंच.

सिस्टर परभणी :
काकांनी लई नेमकं लिहिलंय. मी झेडपीच्या आरोग्य विभागात आहे, माझी ऑर्डर झाली होती तेव्हा (कारण इथं नको) मी पण आयुक्तांकडं अपील केलं, ते नुसतं पडून राहिलं. तारीखच लागेना. मग हायकोर्टात गेले. मला वाटलं होतं कोर्ट म्हणेल निलंबन चुकीचं आहे. तसं काही झालं नाही, दोन जज होते, चार-पाच मिनिटं झाली असतील, त्यांनी एवढंच म्हटलं की आयुक्तांनी हिचं अपील अमुक आठवड्यात ऐकून कारणांसह निकाली काढावं, आणि रिट निकाली. मी बाहेर येऊन रडले, म्हटलं एवढा खर्च करून परत तिथंच पाठवलं. नातेवाईक म्हणाले हरली. पण झालं असं की कोर्टाची तारीख अंगावर आली म्हटल्यावर आयुक्त ऑफिसातून स्वतःहून फोन आला सुनावणीचा, आणि अपील मंजूर झालं. त्यामुळं हायकोर्टात 'जिंकायला' जायचं नाही, हलवायला जायचं असं मी तरी आता सगळ्यांना सांगते.

बालाघाट :
ताई, म्हणजे खंडपीठ म्हणजे आपली ढवळायची काठी. मान्य.

मांजराकाठचा तलाठी :
बरोबर आहे सिस्टर तुमचं, माझंही मॅटमध्ये तसंच झालं होतं, 'निर्णय घ्या' एवढाच आदेश. मी वर लिहिताना थोडक्यात उरकलं. आणि मॅटचं पण हे आहे की प्रशासकीय न्यायाधिकरण कायदा १९८५ च्या कलम २० प्रमाणं आधी खात्यातलं अपील करा म्हणतात, ते सहा महिने पडून राहिलं तर मग या. माझ्या वकिलानं अपील आधीच करून ठेवलं होतं. आणि मॅटला टाळून सरळ हायकोर्टात पण जाता येत नाही म्हणे.

काळा कोट, जालना रोड :
नाही येत. एल. चंद्रकुमार, १९९७, सात न्यायमूर्तींचं पीठ. न्यायाधिकरण हे पहिलं कोर्ट, त्यावर मग हायकोर्टाचं खंडपीठ. सरकारी माणसांनी हे लक्षात ठेवा.

गुरुजी धारूर :
खाजगी अनुदानित शाळेतल्यांचं कुणी लिहीत नाही म्हणून लिहितो. आमचं सगळंच वेगळं, १९७७ चा एमईपीएस (खाजगी शाळा कर्मचारी) कायदा आणि १९८१ ची नियमावली. बडतर्फ केलं तर शाळा न्यायाधिकरणात अपील आहे, पण नुसत्या निलंबनावर कलम ९ खाली अपील नाही, त्यामुळं तिथं धाव घेऊन उपयोग होत नाही. संस्थाचालकानं शिक्षणाधिकाऱ्याची पूर्वपरवानगी घेतली होती का हे पहिलं विचारायचं, कारण घेतली नसेल तर निर्वाह भत्ता संस्थेच्या खिशातून जातो, आणि खिशातून जायला लागलं की संस्थेला चौकशी लवकर संपवायची बुद्धी होते.

लालपरी :
अन् एसटीवाल्यांचं लेबर कोर्ट अन् औद्योगिक न्यायालय. आमच्यात डेपोत कुणी मॅटचं नाव काढलं की हसतात. २०२१ च्या संपात एवढी निलंबनं झाली की वकिलाच्या ऑफिसात डेपोवाईज गठ्ठे होते.

पूर्णाकाठ :
सगळ्यांचे आभार, धागा एवढा चालेल वाटलं नव्हतं. चार्ज दिलाय भावानं, यादी आहे, सही पण आहे, नवीन ग्रामसेवक भला माणूस निघाला. आता दोन गोष्टी. एक, पुढाऱ्यानं माईकवरून सांगितलं त्याचा व्हिडिओ गावातल्या पोरांकडं आहे, तो कोर्टात चालतो का? दोन, निर्वाह भत्त्याचं काय करायचं, कारण खरं सांगू तर स्टे मिळो न मिळो, महिन्याला काहीतरी यायला पाहिजे. किराणावाला ओळखीचा आहे म्हणून चाललंय.

निवृत्त अव्वल कारकून, लातूर :
दुसऱ्याचं आधी सांगतो. निर्वाह भत्ता ही मेहरबानी नाही. १९८१ च्या नियमात (पदग्रहण अवधी, स्वीयेतर सेवा आणि निलंबन, बडतर्फी वगैरे काळातील प्रदाने, असं लांबलचक नाव आहे) नियम ६८ बघा. पहिले तीन महिने अर्धपगारी रजेवर जेवढं वेतन मिळालं असतं तेवढं, आणि त्यावरचा महागाई भत्ता. समजा मूळ पगार ४०,००० असेल तर २०,००० अधिक त्यावरचा महागाई भत्ता. तीन महिन्यानंतर लांबण कर्मचाऱ्यामुळं लागलेली नसेल तर त्या रकमेच्या निम्म्यापर्यंत वाढ, म्हणजे २०,००० चे ३०,०००. आणि लांबण कर्मचाऱ्यामुळं लागली असेल तर तेवढीच कपातही होते, म्हणजे १०,००० वर येतं, म्हणून भावानं कुठलंही पत्र न घेता परत पाठवू नये.

अडतं कुठं सांगू का? दर महिन्याला दाखला द्यावा लागतो की मी दुसरी नोकरी, धंदा, व्यवसाय करत नाही. बहुतेकांना हे कुणी सांगत नाही, मग ऑफिस म्हणतं दाखला नाही म्हणून बिल नाही. मागच्या सगळ्या महिन्यांचे दाखले एकेका कागदावर वेगळे करून, मुख्यालय दिलेल्या पंचायत समितीत आवक क्रमांक टाकून द्या. एकाच अर्जात सगळे महिने घातले की क्लार्क म्हणतो कोणत्या बिलाला जोडू. मला माहितीय, मीच म्हणायचो. आणि तीन महिने झालेत म्हणून वाढीचा अर्ज वेगळा, त्याच दिवशी.

मुख्यालय सोडायचं असेल तर लेखी परवानगी. लग्नाला गेला अन् नेमका त्या दिवशी कुणी घरी नोटीस घेऊन आलं की पंचनामा करून दारावर डकवतात आणि लिहितात 'मुख्यालयी आढळून आले नाहीत'.

काळा कोट, जालना रोड :
भत्त्यावर कोर्ट फार कडक आहे, आणि तुम्ही तो मुद्दा खालून वर आणला ते बरं झालं. १९९९ ची कॅप्टन पॉल अँथनीची केस वाचा. कोलारच्या सोन्याच्या खाणीतला सिक्युरिटी ऑफिसर, निलंबित झाला, निर्वाह भत्ता दिला नाही, घर केरळात, चौकशी कोलारला, जायला पैसे नाहीत. कंपनीनं एकतर्फी चौकशी करून काढून टाकलं. सुप्रीम कोर्टानं ती चौकशीच मोडीत काढली. आणि त्याच्याही आधी आपल्याच महाराष्ट्राची केस आहे, १९८३ ची चंद्रभान ताले. जुन्या मुंबई नागरी सेवा नियमात होतं की खालच्या कोर्टात शिक्षा झाली आणि अपील चालू असेल तर निलंबित माणसाला निर्वाह भत्ता महिन्याला १ रुपया. एक रुपया! ते कोर्टानं घटनाबाह्य ठरवलं.

व्हिडिओचं. मुद्दा चांगला आहे पण जपून वापरा. कायदा असा की ज्याला अधिकार दिलाय त्यानं स्वतःच्या डोक्यानं निर्णय घ्यायचा, दुसऱ्याच्या हुकमावर सही करायची नाही. हे फार जुनं आहे, १९५१ ची गोरधनदास भानजी केस, मुंबईच्या पोलीस आयुक्तानं सरकारच्या सांगण्यावरून थिएटरची परवानगी रद्द केली होती, ती टिकली नाही. पण सीईओ शपथपत्रात म्हणतील की तक्रार आधीच आली होती, प्राथमिक अहवाल आधीच होता, बैठकीशी संबंध नाही. म्हणून माहिती अधिकारात निलंबनाच्या टिपणीची नक्कल काढा. अहवालाची तारीख आदेशाच्या आधीची आहे का नंतरची, टिपणी खालून वर गेली का वरून खाली आली, ते त्या पानावर दिसतं. टिपणीत 'मा. पदाधिकारी यांच्या निर्देशानुसार' असं एखादं वाक्य सापडलं तर व्हिडिओची गरजच नाही. आणि ते वाक्य सापडतं हो, क्लार्क लोक स्वतःच्या बचावासाठी लिहून ठेवतात.

निवृत्त अव्वल कारकून, लातूर :
ठेवतात. ठेवलंच पाहिजे.

अनामिक जालना :
मधेच विचारतो, लाचलुचपतच्या ट्रॅपमध्ये सापडलेल्याला हे ९० दिवस लागू आहेत का? मित्रासाठी विचारतोय.

बालाघाट :
मित्रासाठी 😀

काळा कोट, जालना रोड :
हसू नका, रोज दोन फोन येतात असे. ४८ तासांपेक्षा जास्त कोठडीत राहिला तर नियम ४ (२) खाली अटकेच्या तारखेपासून निलंबित मानतात, आदेश नंतर आला तरी. ट्रॅपच्या प्रकरणात कोर्ट सहसा लवकर हात घालत नाही, आणि खातं म्हणतं मूळ कागद एसीबीकडं (लाचलुचपत खात्याकडं) आहेत, आम्ही दोषारोपपत्र कशावरून करू. पण २०१९ च्या जीआरमध्येच लिहिलंय की एसीबीनं लागणारा अभिलेख खात्याला द्यायचा आहे, म्हणजे ती सबब सरकारनं स्वतःच काढून टाकलीय. शिवाय २०१८ मध्ये तामिळनाडूच्या एका आयपीएस अधिकाऱ्याच्या केसमध्ये, फौजदारी गुन्हा असूनसुद्धा, सुप्रीम कोर्टानं म्हटलं की वर्षानुवर्षं निलंबित ठेवून काही साधत नाही. मित्राला सांगा, आढावा समितीकडं अर्ज करून पोच ठेव. लगेच सुटेल असं मात्र सांगू नका.

डाकवाला नांदेड :
माझा पहिला सल्ला मागे पडला तर पोस्टाचा तरी घ्या. रजिस्टर पोस्ट २०२५ मध्ये स्पीड पोस्टात विलीन झालंय, काउंटरवर 'रजिस्टर एडी करा' म्हणलं तर नवीन पोरगा तोंडाकडं बघतो. स्पीड पोस्ट करताना पोहोच पावतीची सेवा वेगळी मागून घ्यायची, आणि ट्रॅकिंगचं पान पोहोचल्याबरोबर प्रिंट मारून ठेवायचं, नंतर निघत नाही. आयुक्तांना अपील, प्रत सीईओंना, दोन्ही वेगळे लखोटे.

पूर्णाकाठ :
मंडळी, अपडेट. अपील आयुक्त कार्यालयात हातानं देऊन आलो, आवकचा शिक्का घेतला, आणि पोस्टानं पण टाकलं. दाखले दिले, क्लार्कनं आधी घेतो घेतो केलं, मग नियम ६८ म्हटल्यावर खुर्ची दिली बसायला. दोन महिन्यांचं बिल निघालं, बाकीचं पुढच्या बिलात म्हणतात.

आणि वकीलसाहेब म्हणले तेच झालं, अपील गेल्याबरोबर आठवड्याच्या आत दोषारोपपत्र आलं. पण पत्रावरची तारीख बघा, निलंबनापासून ९० दिवसांच्या आतली टाकलीय! आमच्या हातात पडलं कालच. भाऊ म्हणतो आता संपलं सगळं, ते ९० दिवसांचं हत्यार गेलं.

निवृत्त अव्वल कारकून, लातूर :
लखोटा फेकला नाही ना? पोस्टाचा शिक्का त्यावर आहे. आणि जावक क्रमांक बघा, त्या क्रमांकाच्या मागचं-पुढचं पत्र कोणत्या तारखेचं आहे ते जावक नोंदवहीच्या पानाची नक्कल मागितली की कळतं. एखादा ४१२/अ असा क्रमांक असेल तर समजा मधे घुसवलाय.

काळा कोट, जालना रोड :
आणि निकालातला शब्द 'बजावलं' असा आहे, 'तयार केलं' असा नाही. पत्रावर कुठलीही तारीख असो, हातात पडलं कधी ते मोजायचं. पोच देताना भावानं सहीखाली आजची तारीख टाकली का?

पूर्णाकाठ :
टाकली, वेळ पण टाकली, शिपाई म्हणत होता तारखेची गरज नाही नुसती सही करा. लखोटा आहे, आईनं वाणसामानाच्या डब्याखाली ठेवला होता, तेलाचा डाग पडलाय पण शिक्का दिसतो. जावक क्रमांकात खरंच 'अ' आहे.

काळा कोट, जालना रोड :
मग लखोट्याची रंगीत झेरॉक्स काढा, आणि अपिलात पुरवणी अर्ज द्या : दोषारोपपत्र मुदतीनंतर बजावलं, मुदतवाढीचा कारणांसह आदेश आजही नाही. त्यांचा वकील चौधरींचंच उदाहरण देईल की दोषारोपपत्र आलं म्हणजे विषय संपला, म्हणून मुदतवाढीचा आदेश नाही हा मुद्दा वरती लिहा. सुनावणीची तारीख महिनाभरात लागली नाही तर रिटचं बघू, तेव्हा सिस्टर म्हणाल्या तसं फक्त 'ठराविक मुदतीत अपील निकाली काढा' एवढं मागितलं तरी चालेल. दोषारोपपत्राचं उत्तर मात्र वेगळं आणि मुदतीत द्यायचं, निलंबनावर भांडतोय म्हणून ते राहिलं असं व्हायला नको.

पूर्णाकाठ :
जोडपत्र ३ मध्ये सात कागद लिहिलेत आणि सोबत जोडलेत चारच, मूळ मस्टर तर नाहीच. ते मागायचा अर्ज सीईओंकडं द्यायचा का बीडीओकडं (गटविकास अधिकारी)?

निवृत्त अव्वल कारकून, लातूर :
दोषारोपपत्रावर सही ज्याची त्याच्याकडं, म्हणजे सीईओ. प्रत बीडीओंना. कोणते तीन नाहीत ते नावानिशी लिहा, आणि कागद मिळाल्यापासून उत्तराची मुदत मोजावी असं शेवटी टाका. अर्ज आजच लिहा, उद्या शनिवार आहे.